तीन पायऱ्या

आलेंतेझूतला जानेवारी. पत्र्याखालच्या रिंगणात
तोंडातून वाफ निघते, त्याच्याही आणि माझ्याही.
झिंब्रू सात वर्षांचा, राखेहून जरा निळसर.
सरळ जायला केव्हाही तयार. भिंतीतूनसुद्धा.
फक्त बाजूला सरक म्हटलं,
की घोड्याचंच घोडं पेंड खातं.

डावी टाच लावते. तो टाचेवरच रेलतो,
बाजारात ओळखीची बाई गप्पांच्या नादात
खांद्यावर रेलते तसा.
मी आणखी दाबते. तो आणखी रेलतो.
दोघांचं सगळं वजन डावीकडे,
आणि उजवीकडे एवढी वाळू रिकामी.

"किती वेळा विचारशील?" बेलमीरा, वरच्या बाकावरून.
"एकदा विचार. मग गप्प बस.
उत्तर यायला जागा लागते."

मला कळतं. माझ्या पोटरीला कळत नाही.

बुद्धिबळात बरं असतं,
अडीच घरं मोजायची, उचलून ठेवायचा.
इथे अर्धं घरसुद्धा
चार पायांना वेगवेगळं समजवावं लागतं,
त्यात मागचा डावा जन्माचा बहिरा.

अकरा वाजता बेलमीराची गोळी असते.
बाकापासून खाली तीन पायऱ्या.
खुब्याचा सांधा बदलल्यापासून ती आडवीच उतरते,
एका हातात कठडा, दुसऱ्यात काठी:
आधी सगळं वजन चांगल्या पायावर,
मग थोडं थांबणं,
मग दुसरा पाय, हलका झालेला,
आपला आपण खाली जातो.
भार असलेला पाय ती कधीच ओढत नाही.

पहिली पायरी. दुसरी.
तिसरीला मला खोगिरातच लाज वाटते.
आठ महिने मी
उभ्या पायाला चल म्हणत होते.

पुन्हा त्याच कोपऱ्यातून. या वेळी डोळे मिटून.
त्याचा मागचा डावा उचलला
की माझी डावी मांडी किंचित बुडते.
बुडाली. जाऊ दे.
बुडाली. जाऊ दे.
बुडाली, आता.
टाच नाहीच, टाचेचा नुसता विचार,
आणि गप्प.

दोर सोडलेली होडी काठापासून सुटते
तसं माझ्याखाली काहीतरी आडवं सुटतं.
एक पाऊल. अजून एक.
तिसऱ्याला तो परत रेलतो.

"बस," बेलमीरा म्हणते, जिभेवर गोळी, हातात पेला. "उतर."
"पण आत्ता कुठे..."
"म्हणूनच."

झिंब्रू गाजर मागतो ते तोंडाने नाही,
अख्ख्या खांद्याने, मला दोन पावलं बाजूला सारत.
हे त्याला कुणी शिकवलं, कोण जाणे.

फाउश्तिनू दाताळं घेऊन येतो, वाळू सारखी करायला.
जरा थांब, म्हणते.
भिंतीपासून हातभर आत
एक खूर दुसऱ्याला ओलांडून गेलेला. दोनदाच.
आणि पलीकडे, पायऱ्यांपासून नळापर्यंत,
काठीचे बारीक गोल ठसे,
तेही तिरके.

फाउश्तिनूला त्यात काहीच दिसत नाही.
तो शीळ घालत दाताळं फिरवतो.