शट्टुप्पाची भट्टी

पाव निघाले की भट्टी तासभर तशीच तापलेली असते.
शट्टुप्पा म्हणाला, आण तुझी कोंबडी.

नवरा जहाजावर आचारी. टँजिअरच्या धक्क्यावर
नऊ दिवस अडकला होता एकदा;
तिथल्या कुणा बाईनं खाऊ घातलेलं
अजून फोनवर चघळतो:
जिरं, दालचिनी, सुंठ, केशर,
मिठात मुरलेलं लिंबू.

केशर कुठलं खानापुरात. हळद घातली.
लिंबू मात्र होतं, नणंदेच्या बरणीतलं.
तीन पाण्यांत तिखट धुतलं,
तरी बोटं चुरचुरली.
मीठ हात राखूनच.
पोटात लसूण कोंबला, पाय सुतळीनं बांधले,
तान्ह्याला तेल चोळावं तसं
तूप चोळलं.

शट्टुप्पाच्या ट्रेला नानकटाईचा वास होता.
राहू दिला.

दालचिनी करपायला आली तसे
स्टँडवरचे दोघे-तिघे आत डोकावले.
हे कुठलं, एकानं विचारलं.
आमच्याकडे या प्रश्नाला
जपून उत्तर देतात.
बोटीवरचं, म्हटलं.

शट्टुप्पानं भाड्यापोटी तंगडी घेतली,
उभ्याउभ्याच संपवली.
"उप्पु कम्मी," म्हणाला,
आणि बघत राहिला दुसऱ्या तंगडीकडे,
जी मी
फोटोसाठी ठेवली होती.