फ्रिजमध्ये किल्ली

ध्वनिमुद्रण करणाऱ्यांची एक जुनी युक्ती आहे:
घरात शिरलं की आधी फ्रिज बंद करायचा
आणि आपल्या गाडीची किल्ली
आत, लोण्याशेजारी ठेवायची.
म्हणजे निघताना विसरता येत नाही
की कुणाचं तरी दूध आपण
आपल्या शांततेसाठी वेठीला धरलं होतं.

मार्त्सेलेबाई हसल्या, पण ठेवू दिली.

पाइनच्या जंगलाला पाठ लावून बसलेलं घर,
सप्टेंबर, दारात वाळू, वाळूवर सुया,
आणि टेबलावर वर्तमानपत्र पसरून
पहाटे वेचून आणलेली अळंबी.
झिगिंतास म्हणाला, काही करू नका.
त्या म्हणाल्या, मग ही साफ कोण करणार?
तो म्हणाला, तेच करा.

अकरा मिनिटं.
स्काइस्तेनं कॅमेरा हलवला नाही.
धार लावून लावून सुरीचं पातं
करंगळीएवढं उरलेलं,
देठाची माती खरवडताना
हेडफोनमध्ये असं वाजत होतं
जणू कुणी माझ्या कानाशी बसून
फार हळू विचार करतंय.
उन्हाचा तुकडा टेबलावरून सरकत
त्यांच्या मनगटावर चढला, उतरला.
एका अळंबीत गोगलगाय निघाली.
ती त्यांनी खिडकीच्या कठड्यावर ठेवली
आणि पुढची उचलली.
कथानक म्हणाल तर तेवढंच.

मार्चमध्ये गावच्या वाचनालयात दाखवला.
तेवीस माणसं, अंगावर कोट तसेच,
कारण हीटर लावला की प्रोजेक्टरचा फ्यूज उडायचा.
वनरक्षक अल्बिनास पहिल्या मिनिटापासून घोरत होता.
पोस्टातली याद्विगा मोठ्यानं म्हणाली,
देठ एवढा कापतात का कुणी?
निम्मी अळंबी वाया!
दोघं तिच्या बाजूनं, तिघं विरुद्ध,
वाद गोगलगाय येईपर्यंत चालला.
मग सगळे गप्प.
इतके गप्प, की मी अंधारात
स्वतःची पाठ थोपटून घेतली
त्या स्वच्छ, धुऊन वाळत घातलेल्या शांततेसाठी.

चहाच्या वेळी मार्त्सेलेबाईंना विचारलं, कसा वाटला.
हात माझेच आहेत, त्या म्हणाल्या.
सुरी माझी. टेबल माझं.
पण घर कुणाचं?
माझ्या घरात फ्रिज आहे.

आलितूसच्या कारखान्यात अठ्ठावीस वर्षं
मी फ्रिजना दारं बसवली.
हा त्यातलाच, याचं दार माझ्या हातचं.
रात्री गुरगुरतो, मग अंग झटकून थांबतो,
आणि थांबला की मला कळतं
इतका वेळ कुणीतरी बोलत होतं.
तुम्ही त्याला गप्प केलंत
आणि मला एकटी दाखवलीत.

मी चमचा बशीत ठेवला.
तोही फार जोरात वाजला.

दुसऱ्या दिवशी परत गेलो.
छपरावरून वितळतं बर्फ ठिबकत होतं.
माइक स्टुलावर, फ्रिजच्या तोंडासमोर,
आणि आम्ही दोघं खुर्च्यांवर,
लांबून आलेल्या पाहुण्याला
मध्येच तोडू नये तसे.
गुरगुर. त्यात एक बाटली
दुसरीला लागून बारीक किणकिणत होती.
मग तो झटका.
त्यानंतर जे आलं
त्याला मी वर्षानुवर्षं शांतता म्हणत आलो होतो,
पण ती कशाच्या तरी नंतरची असते
हे मला सत्तेचाळिसाव्या वर्षी,
मोज्यांवर बसून कळलं.

निघताना किल्ली सापडेना.
खिसे, कोट, गाडीखालचा चिखल.
फ्रिज तर या वेळी बंदही केला नव्हता,
तरी हात सवयीनं जाऊन आला होता.
मार्त्सेलेबाईंनी लोण्याशेजारून ती काढली,
पदार्थ वाढावा तशी तळहातावर ठेवली.
गार.

आता चित्रपटात तो आवाज आहे.
फारसा कुणाला ऐकू येत नाही, याद्विगालाही नाही.
आठव्या मिनिटाला मी तो संपवला,
जागा सापडली म्हणून, दुसरं कारण नव्हतं.
आणि पडद्यावर तिथेच
मार्त्सेलेबाई मान वर करतात.
चित्रीकरणाच्या दिवशी फ्रिज बंद होता.
तेव्हा त्यांनी काय ऐकलं असेल, कोण जाणे.
सुरी क्षणभर थांबते.
मग पुढची अळंबी.