व्यत्ययाची बाई

ब्रनोच्या बंद सूतगिरणीमागे आमचं तळघर.
तिथं मी टेपा पुसते, सुकवते, फिरवते,
यंत्राला म्हणते, बघ काय उरलंय ते.

ती येते ती काहीतरी बिघडल्यावरच.
ऑपेरातला आवाज जातो, ती येते.
ओस्त्रावाची तार तुटते, ती येते.
टेबल, पाण्याचा पेला,
कॉलरवर पानाच्या आकाराची पिन,
पुढच्या दाताचा टवका उडालेला.
"व्यत्ययाबद्दल क्षमस्व," म्हणते,
जणू तार तिच्याच पायात अडकून तुटली.
चार सेकंद. सहा. एकदा नऊ.
मग गाडी रुळावर, आणि ती कुठेच नाही.

नोंदवहीत माझ्या आधीच्या कुणीतरी लिहून ठेवलंय:
अनोळखी स्त्री.
एकशे बारा वेळा, त्याच निळ्या शाईत.

पण फेब्रुवारी त्र्याहत्तरची ती टेप.
डोंगरात स्कीची शर्यत, बर्फानं खांब आडवा.
ती येते, क्षमा मागते,
आणि कॅमेरा तिला सोडायचं विसरतो.
अकरा मिनिटं.
मिनिटभर हसू टिकतं,
मग गालांवरून उतरत जातं
वाण्यानं दुपारी फळी ओढावी तसं.
ती पाणी पिते.
कुणाला तरी भुवईनं विचारते: अजून?
टेबलाखाली बूट पडल्याचा आवाज,
थोड्या वेळानं दुसरा.
सातव्या मिनिटाला खणातून लांबट पाव काढते,
मीठ-जिरं भुरभुरलेला,
मोडते, आणि अर्धा चौकटीबाहेर धरते.
एक बाही येते. करडी
(तेव्हा सगळंच करडं),
कोपरावर ठिगळ.
पाव घेऊन जाते.
दोघं खातात. एकाचंच तोंड दिसतं.
जिरं त्या टवक्यात अडकतं,
ती जिभेनं शोधत राहते, निवांत,
कुणी बघत नसताना आपण शोधतो तशी.

बघत होता अख्खा मोराविया.

एप्रिलनंतर तिच्या जागी पाटी:
फुलदाणीचं चित्र, मागे व्हायोलिन.
पाटीला भूक लागत नाही.

रविवारी आईला विचारलं. आई ब्याऐंशीची,
काल काय जेवली ते सांगता येत नाही तिला.
सूप ढवळता ढवळता म्हणाली,
"कोण, ब्लाझेना? हानुशोवा?
नंतर पोहण्याच्या तलावावर तिकिटं फाडायची.
लोक मुद्दाम तिच्याच खिडकीशी रांग लावायचे.
सुटे नसले की म्हणायची,
व्यत्ययाबद्दल क्षमस्व.
आम्ही खिदळायचो सगळ्या.
तुझे बाबा नाही हसायचे.
ते स्टुडिओत दिवे ओढायचे ना तेव्हा."
आणि मीठ पुढं केलं.

सोमवारी टेप बाहीवर थांबवली.
ठिगळाचे टाके मोठे, घाईतले,
शेवटचा नेहमीसारखा उलटा.
माझ्या शाळेच्या प्रत्येक कोटावर होते तसे.

नोंदवही उघडली.
जुनी ओळ खोडून लिहिलं:
ब्लाझेना हानुशोवा, निवेदिका.
खाली नवी ओळ घातली.
पेन बराच वेळ धरून ठेवलं.
अनोळखी पुरुष, लिहिलं. अर्धा पाव.