पोत

सोळा मिलिमीटरच्या कोऱ्या रिळावर
मी काहीच चित्रित केलं नाही.
माहूरच्या गडावरून आणलेली हळद
अंगठ्यानं फिल्मवर चोळली,
कुंकू तेलात कालवून ओघळू दिलं,
मधेमधे नखानं ओरखडे.

रात्री मुरहारीच्या ओसरीत
धोतराच्या पडद्यावर मशीन लावलं.
पिवळं उसळलं, तांबडं त्यावर सांडलं,
ओरखडे ठिणग्यांसारखे पळू लागले.

डोळ्यांत फूल पडलेला मुरहारी गोंधळी
बराच वेळ गप्प.
मग म्हणाला,
"पोताला तेल कमी पडायलंय."

तेवढ्यात फिल्म अडकली.
चौकट तपकिरी झाली, फुगली,
मधोमध भोक,
आणि सगळं धोतर पांढरंफेक.
मी धावलो बंद करायला.

"ऱ्हाऊ दे,"
त्याचे हात अंधारात संबळ चाचपत होते,
"आत्ता कुठं पेटलाय."