लाल जाकीट

कोठारात चादर ताणली.
डाव्या कोपऱ्यात ठिगळ होतं,
तासभर सगळे बैल त्या ठिगळावरून जात राहिले.
हँडल माझ्या हातात. वय सतरा, लिस्बनचा पोरगा,
गुरं म्हणजे तोवर मला खाटकाच्या दुकानापुरती ठाऊक.

लोकांनी लगेच ओळखायला सुरुवात केली.
"झेफेरिनो बघ, काठी उलटी धरलीय!"
"काठी सोड, घोडी लंगडतेय. मी तेव्हाच बोललो होतो."
गेल्या जुलैतला त्यांचाच उत्सव:
तेजोकाठच्या गवतातून गावात हाकलेले वळू,
पुढे घंटांचे बैल, मागे घोड्यांवर गुराखी,
पोटऱ्यांना पांढरे मोजे, डोक्यावर हिरवी टोपी.
हिरवी आपली म्हणायची. आमच्याकडे ती राखाडी.
घंटा हलत होत्या नुसत्या.
मागे एक पोर डबा बडवत त्यांची भरपाई करत होतं.

आणि जाकीट.
वर्षभर पेटीत कापूर घालून जपलेलं लाल जाकीट
चादरीवर काळं कुळकुळीत निघालं.
एकाचं नाही, सगळ्यांचं.
डबा थांबला.
"मिरवणूक आहे का मयत?" कुणीतरी विचारलं.
मालक उठून म्हणाले, फिल्मला लाल दिसत नाही, रसायनाचा दोष आहे.
"वळूलाही दिसत नाही," एक म्हातारा म्हणाला,
"तरी अंगावर येतोच की."

पुढच्या बाकावर दिओलिंदा.
नवरा फेब्रुवारीच्या पुरात गेलेला,
तेव्हापासून नखशिखांत काळ्यात.
ती हसली, अगदी मोकळं:
"चला, सगळं गाव माझ्या रंगात आलं."

मग एर्मिनियु आला.
घोडा वळवला, आमच्याकडे बघून काही बोलला, गेला.
"पाणी मागितलं."
"छे, सरक म्हणाला, त्या कॅमेरावाल्याला."
"बोलोटा! बैलाला हाक मारली त्यानं."
दिओलिंदा त्यांच्यात नव्हती.
ती माझ्याजवळ आली. "हळू फिरवता येतं?"

हळू फिरवायचं नसतं. फिल्म पेटते.
मालक बाहेर विडी ओढत होते.
मी उलटं फिरवलं, आणि मग हळू,
इतकं हळू की त्याचा हात वर जायला
एक अख्खा श्वास लागला.
करपल्याचा वास आला.
जाकिटाच्या कडेपासून छातीपर्यंत
तांबूस डाग पसरत गेला.

"हां," दिओलिंदा म्हणाली. "असंच होतं."

दोन दिवसांचा पगार कापला गेला.
पुढच्या गावी त्या जागी फिल्म तोडून जोडलेली,
एर्मिनियु येतो, घोडा वळवतो,
आणि एकदम बैल.