अंडरकट

सुमेध बोटीवरून सुट्टीला आलाय.
चौथ्या दिवशी म्हणाला, आई, आज तू चुलीजवळ यायचं नाही.
चूल कुठली आता, गॅसची शेगडी आहे,
पण शब्द माझाच, लहानपणी उचललेला.

सकाळी सहालाच विजापूर वेशीकडं गेला.
रज्जाकभाईनं विचारलं म्हणे, हाडासकट देऊ?
हा म्हणाला, अंडरकट. दोन बोटं जाड, चार तुकडे.
रज्जाकभाई हसला :
इथं अंडरकट मागतंय कोण रे,
ते तर आधी खिम्यात जातंय.

काळी पिशवी, तिच्यावर पांढरी पिशवी,
पांढरीत वरून मेथीची जुडी.
हे मी शिकवलं नव्हतं त्याला.
म्हशीचंच आहे, पावतीपण आहे,
तरी वर मेथी लागतेच.

आमच्यात मोठ्याचं म्हणजे तीन तास.
हळद-मीठ लावून पातेलं चढवायचं,
पाळी असली तर यल्लव्वाला सांगायचं, पाणी बघ गं जरा,
येसूर, काळं तिखट, रस्सा पातळ,
सात तोंडांना पुरला पाहिजे.
माझ्या आईच्या वेळी कधीमधी उरायचं.
ती पट्ट्या कापून दोरीवर वाळत घालायची
आणि मी काठी घेऊन कावळे हाकायची,
मांडीवर भूगोल.

हा म्हणतो, एका बाजूनं चार मिनिटं, दुसऱ्या बाजूनं तीन.
चार मिनिटांत आपल्या शेगडीवर चहा उकळत नाही.

बॅगेतून वाळल्या पानांची पुडी काढली.
रोजमेरी. हुंगली तर डोकेदुखीच्या बामाचा वास.
दुसरं एक पान हवं होतं त्याला, थाइम,
सात रस्त्यापर्यंत जाऊन हात हलवत आला.
मग डालड्याच्या डब्यात लावलेला ओवा
मी दोन फांद्या तोडून दिला.
चुरगाळून नाकाशी धरला त्यानं.
बराच वेळ तसाच.
मग म्हणाला, हेच की गं ते.

अळंब्या प्लास्टिक ताणून बसवलेल्या डब्यातल्या,
शर्टाच्या बटणांसारख्या, एकीला एक.
विळीवर चिरल्या, लोण्यात टाकल्या,
लसूण, मिरे, शेवटी दुधावरची साय.
भाकरीच्या तव्यानं असला आवाज
माझ्या हाताखाली कधी केला नव्हता.

धूर झाला.
वर घरमालक राहतात, करार अकरा महिन्यांचा.
मी खिडकी लावली. त्यानं उघडली.
मी लावली.
त्यानं माझ्याकडं बघितलं, आणि उघडली.
मग मी पंखा पाचवर केला,
जसं काही पंखा आपल्या बाजूनं आहे.

तुकडे ताटात काढून हा नुसता उभा.
वाढ की.
थांब, म्हणाला, विसावू दे पाच मिनिटं,
आताच कापलं तर सगळा रस वाहून जातोय.
बत्तीस वर्षं टॉवेलच्या कारखान्यात उभी होते मी.
खाली बसले पायरीवर.
पाच मिनिटं लांब असतात हो.

कापलं तर आत गुलाबी.
कच्चं राहिलंय रे.
नाही, असंच असतंय.
आणि लोक पैसे देतात?
त्यानं आकडा सांगितला.
मी मनातल्या मनात टॉवेल मोजले,
आठव्या डझनाला सोडून दिले.

काटा बाजूला ठेवून हातानंच खाल्लं.
आधी ओवा, मग लोणी,
मग मिरे, आणि त्या सगळ्याच्या खाली
दोरीवरचं ते, काठीवालं, ओळखीचं.
छान झालंय, म्हटलं. खोटं नव्हतं.

तरी अर्धा तुकडा उचलून मी तव्यावर परत टाकला,
काळं तिखट भुरभुरलं,
चांगला करकरीत होईपर्यंत दाबला.
सुमेध बघत राहिला.
वाटलं, आता रागावतोय.
त्यानं आपलं ताट पुढं केलं :
माझापण टाक.

सॉस कडक भाकरीनं पुसून घेतला दोघांनी.
मेथी ओट्यावर तशीच पडलेली.
संध्याकाळी निवडायला हवी,
वीस रुपयांची आहे.