एकोणीसचा पाना

सकाळी थंडीत पहिल्या चावीला लागते,
मास्तर म्हणाले, तक्रार तिथं नाही.
तक्रार अनगोळला. वांगी घ्यायला थांबलो,
पाच मिनिटं. परत आलो तर
घुर्र घुर्र, नुसती घुर्र.
लागली एकदाची, तर मागं काळा धूर
आणि वांग्यांना पेट्रोलचा वास.

निंगाप्पा मास्तर, हुदलीचे.
कन्नड शाळेत तीस वर्षं गणित.
माझ्याशी बोलणं मराठीत, आकडे मात्र
कन्नडातच मोजतात, ओठांच्या आत.
गाडी एस्टीम, गडहिंग्लजच्या डॉक्टरांकडून घेतलेली.
एमएच शून्य नऊ होतं तिथली
स्क्रूची भोकं बंपरला अजून आहेत.

प्लग बदलून झाले. फिल्टर. बॅटरी नवी.
मागच्या मार्गशीर्षात थर्मोस्टॅट.
तो मी बदलला होता.
हे ते बोलले नाहीत.
मीही नाही.

काटा बघ की, अर्ध्यावर आहे, पाणी बरोबर दाखवतोय.
काट्याचं सोडा सर.
काट्याचा सेन्सर वेगळा, एका वायरचा,
तो तुमच्याशी बोलतो.
हा शेजारचा, दोन वायरींचा, पितळी, बोटाच्या पेराएवढा,
हा कॉम्प्युटरशी.
त्याला बिचाऱ्याला पाण्यात हात घालता येत नाही.
हा म्हणाला थंड, तर थंड.
मग पाजत सुटतो पेट्रोल, बाळंतिणीला पाजावं तसं.

मौलानं क्लिप काढली. तुटली.
पंचवीस वर्षांचं प्लॅस्टिक, बिस्किटासारखं.
मीटर लावला: दोन हजार चारशे.
सकाळी गार इंजिनावर किती होते?
दोन हजार चारशे.
आता वरून चहा उकळेल इतकं तापलंय
आणि हा अजून पहाटेतच बसलाय.

सिद्ध कर, मास्तर म्हणाले.

इंजिन निवायला दुपार झाली.
गरम असताना उघडायचं नाही,
हे माझ्या मनगटावर लिहिलंय, एकोणीसशे शहाण्णव साली.
एकोणीसचा पाना, थोडं तेल, थोडी शिवी,
आणि सुटला. हिरवं पाणी कोपरापर्यंत.
भोकावर अंगठा दाबून मी उभा,
बूच शोधायला मौला
उद्यमबागच्या अर्ध्या गल्लीत फिरून आला.

गंगव्वानं टपरीवरनं पातेलं दिलं.
बिसी ऐती, हुशार, म्हणाली.
त्यात दोघांना सोडलं, जुना आणि नवा,
वायरीला टांगून, विहिरीत कळश्या सोडाव्यात तसे.
जुना ढिम्म.
नवा मात्र सरसर उतरला:
अठराशे, नऊशे, पाचशे, तीनशे वीस.
मास्तर ओठांत मोजत होते, चष्म्यावर वाफ.

म्हणजे जितकं तापेल तितका विरोध कमी?
होय सर.
आपल्याकडच्या सभांसारखं नाही मग, म्हणाले,
आणि गंगव्वाला ते कन्नडात सांगितलं.
ती हसली, तेव्हा मला कळलं की
कन्नडात ते जास्त चांगलं जमलं होतं.

तांब्याचा नवा वॉशर. हातानं आटे धरवले,
मग पाना, पाऊण फेरा, बास. पितळ आहे, जोर दाखवायचा नाही.
कूलंट भरलं, बुडबुडे थांबेपर्यंत उभा राहिलो.

बिल लिहिलं. सेन्सर सातशे साठ,
कूलंट दोनशे ऐंशी, मजुरी तीनशे.
खाली रेघ. चारशे चाळीस.

मास्तरांनी खिशातून लाल पेन काढलं,
रिटायर होऊन अकरा वर्षं झाली तरी असतं.
नऊशे चुकले, परशराम.
चुकले नाहीत सर.
थर्मोस्टॅट चांगला होता.

पेनचं टोपण काढलेलं, तसंच राहिलं.
मग त्यांनी ते लावलं.

मच्छेपर्यंत फिरवून आणली गाडी, चांगली तापवून,
आणि दारात बंद केली.
आता आत बसलेत, काच खाली,
एक हात चावीवर, डोळे घड्याळावर.
मौला म्हणतो, मारा की सर.
मास्तर मान हलवतात.
पाच मिनिटं म्हणजे पाच.